जुन्या चित्रपटांचें नवें बारसें

दादरास चित्रित झालेला दादासाहेब फाळके यांचा 'राजा हरिश्चंद्र' ३ मे १९१३ रोजीं गिरगांवांतील कॉरोनेशन चित्रपटगृहांत लोकांसमोर आला. आज खिशांतल्या मोबाईलवर बोट ठेवलें कीं तारामती व रोहिदास यांसह हरिश्चंद्र पुढें उभा राहतो. आमच्या एका विद्यार्थ्यानें मध्यंतरीं आम्हांस तो असाच दाखविला. फाईलीचें नांव होतें 'राजा हरिश्चंद्र १९१३ संपूर्ण'. हें संपूर्ण आख्यान पाव तासांत आटोपलें!

मूळ चित्रपट चार रिळांचा, सुमारें ३,७०० फूट लांबीचा होता. पैकीं पहिलें व शेवटचें अशीं दोनच रिळें पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयांत पोचलीं. बरें, तीं तरी १९१३ चीं आहेत काय? फाळक्यांनीं १९१७ सालीं तीच कथा पुन्हां चित्रित केली होती, आणि उरलेलीं रिळें त्या दुसऱ्या चित्रपटाचीं असावींत, असें कांहीं जाणत्या संशोधकांचें मत आहे. फाईलीच्या नांवांत या शंकेस जागा नाहीं. ग्रंथास निदान आवृत्तीचें पान असतें. येथें सारी वंशावळ एका ओळींत: नांव, साल, चित्राची स्पष्टता आणि ज्यानें ती चढविली त्याचें टोपणनांव. कोणी एकानें तें टंकलें, दुसऱ्यानें तसेंच उचललें, आणि तीच चूक शंभर ठिकाणीं दिसूं लागली म्हणजे ती प्रमाण होऊन बसते.

नांव चुकलें म्हणून एवढें काय बिघडलें, असें वाचक विचारतील. अमेरिकेंतील कृष्णवर्णीय दिग्दर्शक ऑस्कर मिशो याचा 'विदिन अवर गेट्स' हा १९२० सालचा मूकपट कित्येक दशकें नष्ट झाला असें समजत. त्याची एकुलती एक प्रत स्पेनमधील संग्रहालयांत 'ला नेग्रा' या स्पॅनिश नांवाखालीं पडून होती. फीत सुखरूप होती, नांव तेवढें हरवलें होतें. पण तेवढ्यानेंच चित्रपट मेल्यासारखा झाला.

तरीहि घरोघरीं फिरणाऱ्या या अंधुक प्रतींविषयीं नाक मुरडण्याचें धाडस आम्हांस होत नाहीं. जुन्या नायट्रेट फितीस पेट घ्यावयास फारसें निमित्त लागत नाहीं. जानेवारी २००३ मध्यें पुण्यास लागलेल्या आगींत अशा फितींचा मोठा सांठा जळून गेला. एका कोठारांतील उत्तम प्रतीपेक्षां हजार घरांतील वाईट प्रती कधीं कधीं अधिक टिकतात. प्रवाही प्रक्षेपण करणाऱ्या कंपन्यांवर मात्र आमचा तितका विश्वास नाहीं. करार संपला कीं त्यांच्या यादींतून चित्रपट एका रात्रींत नाहींसा होतो. आमच्या तरुणपणीं लालबागच्या 'भारतमाता'मधून एखादा मराठी बोलपट उतरला, तर निदान भिंतीवरचा फलक बदललेला दिसे!

याच्या नेमकी उलट गत 'आलम आरा'ची. हिंदुस्थानांतील हा पहिला बोलपट १४ मार्च १९३१ रोजीं गिरगांवांतील मॅजेस्टिक चित्रपटगृहांत लागला. आज त्याची एकहि प्रत उपलब्ध नाहीं. तें चित्रपटगृहहि राहिलें नाहीं. शोधाच्या चौकटींत हें नांव टंकलें असतां समोर कांहींहि येवो आणि त्यावर कोणतेंहि साल लिहिलेलें असो, तो 'आलम आरा' नव्हे.