सकळ लिपी आणि आजीचा कागद



महानुभाव पंथाचे गद्य आपण अभ्यासाल, तेव्हा ते शतकानुशतके सांकेतिक लिप्यांत झाकून ठेवलेले होते, हे वाचून आपले कुतूहल साहजिकच जागे होईल. त्या लिप्यांकडे वळण्यापूर्वी आमच्या घरातील एका कागदाची हकीकत सांगतो. लिपी, गुपित आणि वाचक यांच्या नात्याचा पहिला धडा मला त्या कागदाने दिला.

आंबेगाव तालुक्यात, घोडेगावच्या पश्चिमेस आमचे गाव आहे. घरातील लाकडी पेटीत तांबड्या फडक्यात गुंडाळलेला एक मोडी कागद होता. तो कोणालाच वाचता येत नसे. त्यात आजोबांच्या गुरूने दिलेला मंत्र आहे, असे कोणी म्हणे. पुरलेल्या धनाची खूण आहे, असेही कोणी म्हणे. आजी दसऱ्याला त्यावर हळदकुंकू वाही. एम. ए.ला असताना मी मोडी शिकलो आणि दिवाळीच्या सुट्टीत तो कागद उलगडून बसलो. ती कर्जाच्या भरपाईची पावती होती. वर शके १८६०, म्हणजे माझ्या वडिलांच्या जन्माचे वर्ष. खाली मुद्दल व व्याज पोहोचले, येणे काही राहिले नाही, असा मजकूर. मी तो मोठ्याने वाचला. आजी बराच वेळ गप्प होती. मग म्हणाली, "तुझा बाप चालायला लागला, तरी आम्ही त्यांच्याकडं भात घालत होतो रं."

मोडी ही गुप्त लिपी नव्हे. ती दप्तरांची, हिशेबांची, झरझर लिहिण्याची लिपी. तरीही आमच्या घरात ती गूढ झाली, पूज्यही झाली, कारण तिचा वाचक घरात नव्हता.

शेजारच्या जुन्नर तालुक्यात हेच मोठ्या प्रमाणावर घडलेले दिसते. कोकणातून देशावर चढणाऱ्या नाणेघाटातील लेण्यात सातवाहनांचा शिलालेख आहे. तो साधारणतः इ. स. पूर्व पहिल्या शतकातील मानला जातो. लिपी ब्राह्मी, भाषा प्राकृत. त्यात यज्ञांची आणि दक्षिणेत दिलेल्या गायी, घोडे, हत्ती, कार्षापण यांची नोंद आहे. वाहत्या व्यापारी मार्गावर, येणाऱ्याजाणाऱ्यांच्या डोळ्यांसमोर हे लिहविले, ते जगाला कळावे म्हणूनच. पुढे ब्राह्मी वाचणारे उरले नाहीत आणि उघड्यावरचा लेख मुका झाला. १८३७च्या सुमारास जेम्स प्रिन्सेप यांनी अशोकाच्या लेखांतील ब्राह्मी उलगडली, तेव्हा या लेखाच्या वाचनाचीही वाट मोकळी झाली.

या दोन्ही ठिकाणी लिपी विस्मरणाने वा अज्ञानाने अगम्य झाली. महानुभावांची सकळ लिपी मात्र हेतुपुरस्सर घडविलेली आहे. तिचे कर्तृत्व परंपरेने चौदाव्या शतकातील रवळोबास यांच्याकडे दिले जाते. सुंदरी, वज्र, अंक अशा आणखीही लिप्या पंथात निर्माण झाल्या. देवनागरीतील एका अक्षराच्या जागी दुसरे अक्षर किंवा निराळे चिन्ह योजावयाचे, ही त्यांची सर्वसाधारण रीत. ध्यानात घ्या, येथे बदलते ती लिपी. भाषा मराठीच राहते. आपले पवित्र ग्रंथ अनधिकारी व्यक्तीच्या किंवा विरोधकाच्या हाती पडू नयेत, ही त्यामागील भूमिका सांगितली जाते. किल्ली गुरूकडून शिष्याकडे जाई.

आता याच पंथातील आधीची एक गोष्ट आठवा. चक्रधरस्वामींनंतर पंथाची धुरा वाहणाऱ्या नागदेवाचार्यांनी केशवदेव, म्हणजे केसोबास, यांना संस्कृतात रचना करण्यापासून परावृत्त केले होते. संस्कृतात लिहिल्यास पंथातील म्हाताऱ्या बायका ज्ञानाला मुकतील, हे त्यांचे कारण. म्हाताऱ्यांसाठी जी मराठी निवडली, तीच पुढे सांकेतिक अक्षरांत कुलूपबंद झाली. पंथातील म्हातारी मुकली नाही; पंथाबाहेरची मात्र मुकली.

याची मोठी किंमत मराठीने मोजली. विसाव्या शतकाच्या प्रारंभी इतिहासाचार्य वि. का. राजवाडे, वि. ल. भावे यांच्यासारख्या अभ्यासकांचे प्रयत्न आणि पंथातील जाणत्या महंतांचे सहकार्य यांमुळे हे भांडार खुले होऊ लागले. तोवर म्हाइंभटांच्या 'लीळाचरित्रा'सारखा आद्य गद्यग्रंथ बहुसंख्य मराठी वाचकांना अज्ञातच होता. दुसरी बाजूही न्यायाने नोंदविली पाहिजे. ज्यांनी कुलूप लावले, त्यांनीच पिढ्यान्‌पिढ्या निष्ठेने नकला करून हे ग्रंथ जगविले.

त्या लिपीआड कोणती गूढ विद्या सापडली? लीळाचरित्र उघडून पाहा. वाटेतली गावे, भिक्षा, भोजन, शिष्यांचे रुसवे आणि स्वामींची साधी, सरळ बोली. अनुयायांना त्यातला प्रत्येक शब्द पवित्र होता, म्हणून तो जपला गेला. गूढतेचे वलय चढविले ते लिपीने.

म्हणून सांकेतिक लिपीचा अभ्यास करताना 'यात काय दडविले आहे?' या प्रश्नावर थांबू नका. किल्ली कोणाला दिली आणि कोणाला नाकारली, हेही विचारा. आपल्यापैकी अनेकजण नोकरी, शेती, संसार सांभाळून उशिरा शिकत आहेत. न कळणाऱ्या कागदावर सही करण्याचा किंवा अंगठा उठविण्याचा अनुभव कित्येकांच्या घरी असेल. हा प्रश्न आपणास पुस्तकी वाटणार नाही.

त्या दिवाळीत आजीने मला दुसरा कागद आणावयास लावला. "बालबोध अक्षरांत लिहून ठेव, घरातल्या सुनांना वाचता आलं पाहिजे," ती म्हणाली. मी पावतीचा मजकूर देवनागरीत उतरवून दिला. तिने दोन्ही कागद त्याच तांबड्या फडक्यात बांधले.