पुण्याचा हिशेब, दिल्लीचं घर

दिल्ली कँटोन्मेंटमध्ये सत्तर-ऐंशीच्या दशकांत वाढलेल्या आम्हा मराठी लष्करी घरांतल्या मुलांचा पुण्याशी संबंध दोन गोष्टींपुरता होता. मे महिन्यात झेलम एक्स्प्रेसने आजीकडे जायचं, आणि बाबांच्या पगाराचा हिशेब तिकडे व्हायचा. बाबा तवांगला असोत, बिकानेरला असोत की सेना भवनात, भूदलाच्या प्रत्येक अधिकाऱ्याचं पगाराचं खातं पुण्यालाच, सीडीए ऑफिसर्सच्या, म्हणजे संरक्षण लेखा खात्याच्या, कचेरीत. हवाई दलाचा हिशेब इथे सुब्रतो पार्कला, नौदलाचा मुंबईला, आणि जवानांचा आपापल्या रेजिमेंटच्या केंद्राशी जोडलेल्या पे अकाउंट्स ऑफिसात: मराठा लाइट इन्फंट्रीचा बेळगावला, बॉम्बे सॅपर्सचा खडकीला. कोणाचे बाबा कशात आहेत हे आम्ही पोरं टोपीच्या बिल्ल्यावरून ओळखायचो. आया ओळखायच्या त्या पगाराची स्लिप कुठून येते त्यावरून.

स्लिपवर एकीकडे जमा, दुसरीकडे वजावट. जमेत मूळ पगार, महागाई भत्ता, दिल्लीत असताना शहर भत्ता म्हणजे सीसीए, गणवेशाच्या देखभालीची किरकोळ रक्कम. वजावटीत डीएसओपी फंड म्हणजे अधिकाऱ्यांचा भविष्य निर्वाह निधी, १९७६ पासून आर्मी ग्रुप इन्शुरन्सचा हप्ता, आयकर, आणि मग घराची बिलं: लायसन्स फी, वीज, पाणी आणि फर्निचरचं भाडं. हो, फर्निचरचंसुद्धा. आमचे पलंग, खुर्च्या, जेवणाचं टेबल, सगळं एमईएसचं, म्हणजे लष्कराच्या बांधकाम खात्याचं. टेबलाखाली लपलं की फळीवर रंगवलेला नंबर दिसायचा. बदली झाली की त्या नंबरांची यादी घेऊन माणूस यायचा आणि एकेक वस्तू मोजून परत न्यायचा. घरात आमच्या मालकीचं म्हणावं असं काय होतं? काळ्या ट्रंका, शिलाई मशीन, देवघर आणि गोदरेजचं कपाट. त्या कपाटात, साड्यांच्या खालच्या खणात, स्लिपांची फाइल असायची.

रविवारी दुपारी ओटा आवरून झाला की आई ती फाइल घेऊन बसायची. मागच्या महिन्याची स्लिप डावीकडे, या महिन्याची उजवीकडे, हातात पेन्सिल. ओळ ओळीशी जुळवायची आणि जी बदलली तिच्यापुढे टिंब काढायची. नंतर तेच टिंब बाबांना लिहिलेल्या पत्रात उतरायचं: सीसीए बंद झालेला दिसतो, डीएची थकबाकी अजून आलेली नाही, पाण्याचं बिल या वेळी दुप्पट का, जरा विचारून कळवावं. शेजारच्या काकूंकडेही हेच चालायचं, फक्त त्यांची पेन्सिल लाल होती. आमच्या आयांपैकी फारच थोड्या जणींनी नोकरी केली असेल, पण लष्करी पगाराचं पान त्यांच्याइतकं बारकाईने क्वचितच कोणी वाचलं असेल. हे मी पूर्ण जबाबदारीने लिहिते.

या हिशेबाचं मूळ होतं पार्ट टू ऑर्डर. लग्न झालं, मूल झालं, रजेवर गेलं, कोर्सला गेलं, बदली झाली, घर मिळालं, घर सोडलं: यातली प्रत्येक गोष्ट युनिटच्या डेली ऑर्डर पार्ट टूमध्ये निघायची आणि तिथून पगाराच्या खात्यात जायची. ती निघाली नाही तर पे ऑफिसच्या लेखी ती घडलेलीच नाही. बायको घरात पोळ्या लाटत असली तरी कागदावर माणूस अविवाहित. मूल रांगायला लागलं तरी त्याच्या नावाची नोंद नाही, म्हणून त्याच्या शाळेचा भत्ता पुढे अडायचा. कागद उशिरा पोचला की दोनपैकी एक व्हायचं: काही महिन्यांची थकबाकी एकदम हातात पडायची, नाहीतर काही महिन्यांचं घरभाडं एकदम कापलं जायचं आणि स्लिपच्या तळाशी डेबिट बॅलन्स यायचा. डेबिट बॅलन्सचा महिना आम्हाला न सांगता कळायचा. श्रीखंडाचा बेत पुढे ढकलला जायचा आणि आई संध्याकाळी एकदम शांत असायची.

बाबा फील्डला गेले की स्लिप बदलायची. सीसीए जायचा, उंचीचा नाहीतर फील्डचा भत्ता लागायचा. १३ एप्रिल १९८४ ला सियाचीनवर फौज चढली आणि त्यानंतर आमच्या वर्गांतल्या कितीतरी मुलांच्या घरी ते नाव बोलण्यात आलं. केंद्रीय विद्यालयातलं वर्ष मोडू नये म्हणून आया मुलांना घेऊन दिल्लीतच राहायच्या. सेपरेटेड फॅमिलीजच्या क्वार्टरांत गल्लीच्या गल्ली अशी, की जिथे दाढीचं सामान कोणाच्याच न्हाणीघरात नाही. बेस हॉस्पिटलला मुलाला नेणं, शाळेच्या मीटिंगा, गॅसचा नंबर, सासूबाईंचं मोतीबिंदूचं ऑपरेशन, सगळं एकटीने. पगार नेहमीपेक्षा जास्त आला की बाबा लांब आणि अवघड जागी आहेत, एवढं आम्हाला लहानपणीच उमजलं होतं. वाढलेल्या पैशाने घरात आनंद झाल्याचं मला आठवत नाही. तो पैसा डीएसओपीत टाकला जायचा.

अवघड जागांच्या भत्त्यांचा हा सगळा मामला आज एका तक्त्यात बसवला आहे. सातव्या वेतन आयोगाने जोखीम आणि खडतरपणा यांच्या तीन-तीन पायऱ्या केल्या, त्यातून नऊ चौकटी निघाल्या, आणि कोणती जागा कोणत्या चौकटीत यावरून भत्ता ठरतो. सियाचीन या नऊही चौकटींच्या वर. १ जुलै २०१७ ला तिथला भत्ता जवानाला आणि जेसीओला (सुभेदारांच्या श्रेणीला) महिना ३०,००० रुपये, अधिकाऱ्याला ४२,५०० असा ठरला. त्याच आयोगाच्या तक्त्यात नव्या शिपायाचा मूळ पगार २१,७०० आहे. म्हणजे बर्फात उभं राहण्याचा मोबदला मूळ पगाराहून मोठा. तो योग्यच आहे, आणि माझ्या मते त्यातला अर्धा वाटा क्वार्टरात थांबलेल्या बाईचा आहे.

जवानांच्या घरांची गोष्ट आणखी कठीण होती. विवाहितांची क्वार्टर्स मोजकी, म्हणून बहुतेकांची कुटुंबं गावीच. साताऱ्याजवळच्या अपशिंगे मिलिटरीसारख्या गावांत तर घरटी माणूस फौजेत. पगाराच्या दिवशी जवान रोलवर सही करून हातखर्चापुरते पैसे उचलायचा, बाकीचे खात्यात, आणि घरासाठी ठरवलेली रक्कम फॅमिली अलॉटमेंट म्हणून मनीऑर्डरने गावाला. पहाडगंजच्या गणपतीत अधिकारी आणि जवान एकाच मांडवात आरतीला उभे असायचे. प्रसाद वाटताना कानावर पडायचं ते हेच: मनीऑर्डर पोचली का, मागच्या महिन्याची का नाही पोचली, बेळगावला लिहिलंय. पोस्टमन गावात कधी येतो यावर सुनेच्या घरातली किंमत ठरायची, असं एका सुभेदारांच्या पत्नीने माझ्या आईला सांगितलेलं मी ऐकलंय.

रेशन हाही पगाराचाच भाग. डाळ, तांदूळ, साखर, चहा, अंडी, आणि कधीमधी अननसाच्या फोडींचा डबा. त्या फोडींचा शिरा दिल्लीतल्या आमच्या पिढीच्या सगळ्या मुंजी-वाढदिवसांना होता.

वेतन आयोगाची वाट मात्र सगळी गल्ली एकत्र पाहायची. तिसऱ्या आयोगाने १९७३ मध्ये अहवाल दिला. सैन्याचा पगार मुलकी नोकरांच्या आयोगाकडे प्रथमच आला होता, आणि अर्थमंत्री होते यशवंतराव चव्हाण, बासष्टनंतर संरक्षण खातं सांभाळलेले. चौथ्या आयोगाच्या शिफारशी १ जानेवारी १९८६ पासून लागू झाल्या. सेकंड लेफ्टनंटपासून ब्रिगेडियरपर्यंत २३०० ते ५१०० अशी एकच लांब श्रेणी, आणि कॅप्टनपासून पुढे हुद्द्याप्रमाणे २०० ते १२०० रुपये रँक पे. गल्लीत पेढे वाटले गेले. पण नव्या श्रेणीत पगार बसवताना तोच रँक पे आधी वजा करण्यात आला. म्हणजे एका हाताने दिलं ते दुसऱ्या हाताने काढून घेतलं. हजारो अधिकाऱ्यांच्या पगारात ही तूट वर्षानुवर्षं राहिली आणि पुढच्या आयोगाच्या आकड्यांतही उतरली.

ती ओळ पकडली मेजर ए. के. धनपालन यांनी. एका माणसाने केरळ उच्च न्यायालयात दावा लावला आणि १९९८ मध्ये जिंकला. पुढे इतर अधिकारीही कोर्टात गेले. सर्वोच्च न्यायालयाने ८ मार्च २०१० ला आणि मग पुन्हा ४ सप्टेंबर २०१२ ला निकाल त्यांच्या बाजूने दिला, थकबाकीवर ६ टक्के व्याज २००६ पासून. आमच्या बापांपैकी कितीतरी जण तोवर गेले होते. त्यांच्या मागे आयांच्या खात्यांत पैसे जमा झाले. सत्तरी ओलांडलेल्या बायकांनी जुन्या फाइली काढल्या आणि १९८६ च्या स्लिपा जुळवल्या. पेन्सिलीचं टिंब तेव्हाही होतं, कोणी विचारलं नव्हतं इतकंच.

सहाव्या आयोगाचे अध्यक्ष मुंबई उच्च न्यायालयातून पुढे गेलेले न्या. श्रीकृष्ण. त्या वेळी मिलिटरी सर्व्हिस पे आला: अधिकाऱ्याला ६०००, जवानाला २०००. सातव्यात तो १५,५०० आणि ५,२०० झाला. सातव्या आयोगाची आकडेमोड खरं तर कोणीही करू शकेल. शिपायाचे मूळ २१,७०० आणि सर्व्हिस पे ५,२०० मिळून २६,९००. महागाई भत्ता या दोन्हींवर. १ जानेवारी २०२४ ला तो ५० टक्के झाला, म्हणजे १३,४५०. तेव्हाची बेरीज ४०,३५०. घरभाडे भत्ता मात्र फक्त मूळ पगारावर, सर्व्हिस पेवर नाही. दिल्लीत तो ३० टक्के, म्हणजे ६,५१०, आणि तोही सरकारी घर नसेल तरच. जागेचे भत्ते यावर वेगळे. आयांना पेन्सिल लागायची, आता मोबाइलवर सगळं दिसतं. दिसतं म्हणून वाचलं जातंच असं नाही, ही माझी खरी काळजी आहे.

२०१५ च्या जूनमध्ये वन रँक वन पेन्शनसाठी जंतर मंतरवर माजी सैनिक बसले. नोएडाच्या अरुण विहारमधून, जलवायू विहारमधून, गुडगाव-द्वारकेहून पंच्याहत्तरीचे गृहस्थ कोटावर पदकं लावून मेट्रोने पटेल चौकाला उतरत होते. मागणी सरळ होती. जवान पंधरा-सतरा वर्षं नोकरी करून चाळिशीच्या आत घरी येतो. वीस वर्षांपूर्वी निवृत्त झालेला हवालदार आणि काल निवृत्त झालेला हवालदार, हुद्दा तोच, नोकरीची वर्षं तीच, मग पेन्शन वेगळी का? १४ ऑगस्टला पोलिसांनी त्यांना हटवायचा प्रयत्न केला, ते दृश्य आम्ही कधीच विसरणार नाही. ५ सप्टेंबरला संरक्षणमंत्री मनोहर पर्रीकरांनी घोषणा केली. १ जुलै २०१४ पासून लागू, २०१३ मध्ये निवृत्त झालेल्यांच्या किमान आणि कमाल पेन्शनची सरासरी धरून, दर पाच वर्षांनी फेरआढावा. मागणी होती त्याहून हे कमीच होतं. तरी थकबाकी चार सहामाही हप्त्यांत आणि विधवांना मात्र एकरकमी, हे त्यातलं मला सर्वांत योग्य वाटलेलं कलम.

२०२२ पासून अग्निवीराची स्लिप आली. पहिल्या वर्षी ३०,००० ठरीव, त्यातले ९,००० सेवा निधीसाठी कापून हातात २१,०००. चौथ्या वर्षी ४०,०००. महागाई भत्ता नाही, सर्व्हिस पे नाही, पुढे पेन्शन नाही. स्लिप वाचायला सोपी आहे, पण ज्या ओळींवर आमची घरं उभी राहिली त्याच तिच्यात नाहीत. आठव्या आयोगाच्या अध्यक्षपदी २०२५ मध्ये न्या. रंजना प्रकाश देसाई आल्या, त्याही मुंबई उच्च न्यायालयातल्या. मागे राहून घर चालवणारीच्या नावाची एखादी ओळ या आयोगाने तक्त्यात घालावी, अशी माझी मनापासून मागणी आहे.

तोवर एक काम आपल्या हातात आहे. आपल्या घरात किंवा शेजारी निवृत्त सैनिक असेल तर त्यांचा पीपीओ, म्हणजे पेन्शनचा आदेश, काढायला सांगा. पत्नीचं नाव आणि जन्मतारीख आधारशी जुळते का ते पाहा. साध्या फॅमिली पेन्शनला शेवटच्या पगाराच्या ३० टक्के मिळतात, सेवेमुळे मृत्यू आला असेल तर ६० टक्के आणि लढाईत आला असेल तर पूर्ण पगाराइतके. कोणती लागू होते हे तिला आत्ताच समजावून सांगा, नंतर नाही. पेन्शनच्या ‘स्पर्श’ पोर्टलवर हयातीचा दाखला दर वर्षी भरला जातोय ना, तेही पाहा. नाव चुकलेलं असेल तर महाराष्ट्रात जिल्हा सैनिक कल्याण कार्यालय आहे, दिल्लीत राज्य सैनिक बोर्ड आहे. दुरुस्तीचा अर्ज नवरा हयात असताना त्याच्याच सहीने जाऊ द्या.