चौथी मूठ

श्रावणात जळगावला माहेरी आले होते. रात्री सगळे झोपल्यावर फोनवर 'सोप्योन्जे' पाहिला. इम क्वोन-ताएक यांचा १९९३ सालचा कोरियन सिनेमा. पान्सोरी, म्हणजे ढोलाच्या साथीनं गाऊन सांगायच्या कथा, गात गावोगाव फिरणारा एक गायक, त्यानं सांभाळलेली दोन मुलं. मुलगी गाते, मुलगा ढोल धरतो. बाजारात विलायती बँड वाजायला लागला की यांचं गाणं त्यात बुडून जातं. मुलगा एक दिवस कंटाळून निघून जातो. मुलगी तरी राहावी, तिच्या गळ्यात दुःख उतरावं, म्हणून बाप तिला औषध पाजून आंधळी करतो. एकट्या सोल शहरात दहा लाखांवर लोकांनी हा सिनेमा पाहिला. तोवर कुठल्याच कोरियन सिनेमाला ते जमलं नव्हतं.

बापाची चीड घेऊनच झोपले. सकाळी आईनं कानबाईच्या रोटांचे गहू काढले.

नागपंचमीनंतरच्या रविवारी खानदेशात कानबाई देवी बसते. नारळाला नथ-दागिने घालून चौरंगावर मांडायचं, रात्र अहिराणी गाण्यांनी जागवायची, सोमवारी नदीवर निरोप द्यायचा. रोट म्हणजे तिच्या प्रसादाच्या पोळ्या; त्यांना गहू घ्यायचे ते घरातल्या दर पुरुषामागे सव्वा मूठ. निवडणं, दळणं, रांधणं, गाणं सगळं बायकांचं. मोजणीत मात्र त्या नाहीत. आमच्याकडे तर लेक सासरी गेली की माहेरचा रोट तिला नाही. वीस वर्षं मी गाणी म्हणत आले आणि जेवताना साधी पोळी खात आले. त्याचं कधी काही वाटलंही नव्हतं.

बाबा गेले म्हणून गेल्या वर्षी कानबाई बसवली नव्हती. यंदा दोन भाऊ आणि भाचा, तीनच नावं. आई सुपात मुठी टाकत होती. तीन झाल्या, चौथी पडली. हाताची सवय, मला वाटलं, बाबांची असणार. सांगायला तोंड उघडलं.

"मोजू नको," आई म्हणाली.

सिनेमाच्या शेवटी कित्येक वर्षांनी भाऊ बहिणीला शोधून काढतो. नाव न सांगता ढोल पुढ्यात ओढतो. ती गाते, लेकीच्या त्यागानं आंधळ्या बापाला दृष्टी येते ती कथा. रात्रभर. ढोलावरच्या हातावरून ती त्याला ओळखते. सकाळी तो निघून जातो. भाऊ-बहीण म्हणून दोघांत एक शब्द होत नाही.

रविवारी पंगत बसली. आईनं माझ्या ताटात रोट ठेवला, वर तूप सोडलं. थोरल्या भावानं पाहिलं, आणि वरण मागितलं.

मीही काही विचारलं नाही. रोट मोडला.