मेलुकोटेचे रथ

म्हैसूरहून सकाळी निघालेली आमची सहलीची बस श्रीरंगपट्टण उरकून मेलुकोटेच्या टेकडीवर चढली तेव्हा ऊन तापलं होतं. गाइड हिंदीत सांगत होता. बाराव्या शतकात रामानुजाचार्य इथे येऊन राहिले, चेलुवनारायणाची पूजाअर्चा त्यांनी लावून दिली, वैरमुडीच्या उत्सवात देव रत्नजडित मुकुट घालतो. मग त्याच सुरात म्हणाला, १७७१ मध्ये मराठे आले. चिनकुरळीला हैदरअलीला हरवून त्रिंबकराव पेठ्यांची फौज या गावात शिरली. रहिवासी आधीच पळाले होते. देवाचे प्रचंड लाकडी रथ पेटवून दिले. कशासाठी, तर त्यातलं लोखंड काढायला.

आम्ही कुठले, हे त्याने विचारलं नव्हतं.

चिनकुरळीची, म्हणजे मोती तलावाची लढाई मला माहीत होती, पण फक्त विजय म्हणून. आता डोळ्यांपुढे राखेत हात घालून खिळे, पट्ट्या वेचणारी माणसं येत राहिली. त्यांच्याशी माझं नातं काय? भाषा तेवढी एक. तेही कदाचित पगार थकलेले, घरापासून शेकडो कोस लांब असतील. असं म्हणून बघितलं, बरं काही वाटलं नाही. अपराधी वाटलं म्हणावं तर तेही खोटं. संकोच होता, पाहुण्यांच्या घरी आपल्याच आजोबांची तक्रार ऐकावी तसा.

नवे रथ कधी घडवले, ते विचारायचं होतं. पण गाइड तोवर पुळियोगरे, म्हणजे चिंचेचा भात, कुठे चांगला मिळतो याकडे वळला होता, आणि भूक मलाही लागली होती.