लाशीनचा चढ

मॉन्ट्रियलच्या नैऋत्येला लासाल नावाचा भाग आहे. तिथल्या नदीकाठच्या उद्यानात शिरलं की पाणी दिसण्याआधी ऐकू येतं. सेंट लॉरेन्स इथे खूप रुंद आहे आणि तरीही बेफाम आहे. खडकांच्या उतरंडीवरून ती उसळत येते, मध्येच उलटी वळते, फेसाळते आणि पुढच्या खडकावर पुन्हा फुटते. कडेच्या उथळ पाण्यात करडे बगळे मासे टिपत उभे असतात. हे लाशीनचे रॅपिड्स. मॉन्ट्रियल शहर आज जिथे आहे तिथेच का वसलं, याचं उत्तर या पाण्यात आहे.

समुद्रातून नदीत शिरलेली गलबतं इथवर येत आणि थांबत. १५३५ मध्ये फ्रेंच दर्यावर्दी झाक कार्तिए इथल्या डोंगरावर चढला, तेव्हा त्याला वरून हाच अडसर दिसला. १६११ मध्ये फ्रेंच शोधक शांप्लँच्या सोबतचा लुई नावाचा एक तरुण या पाण्यात बुडाला. पलीकडे मोठी सरोवरं होती, अर्धं खंड होतं, पण नदीची वाट इथे बंद होत होती. माल उतरवायचा आणि जमिनीवरून पुढे न्यायचा, एवढाच मार्ग उरे. १६४२ मध्ये वसलेलं गाव या थांब्यावरच वाढलं.

उद्यानापासून सायकलची वाट नदीकाठाने वरच्या बाजूला लाशीनपर्यंत जाते. रॅपिड्स मागे पडतात, आवाज विरत जातो आणि समोर सेंट लुई सरोवराचं रुंद पाणी पसरतं. याच काठावर १८०३ मध्ये बांधलेलं फरच्या व्यापाराचं दगडी गोदाम आहे, आता त्याचं संग्रहालय झालंय. आत फरचे गठ्ठे ठेवले आहेत. एकेक गठ्ठा सुमारे चाळीस किलोंचा. वाटेत नाव चालेनाशी झाली की नावाडी असे दोन गठ्ठे एका खेपेला पाठीवर घेत आणि कपाळाला लावलेल्या चामडी पट्ट्यावर तो भार तोलत चालत. मॉन्ट्रियलहून बैलगाड्या-घोडागाड्यांनी सामान लाशीनला यायचं, बर्चच्या सालीच्या लांबलचक कनूंमध्ये भरलं जायचं आणि दर वसंतात हा तांडा पश्चिमेला निघायचा.

रॅपिड्सना वळसा घालणारा कालवा खणावा, ही कल्पना मात्र या गोदामाहून खूप जुनी आहे. सुल्पिशियन धर्मगुरूंचा प्रमुख दोलिए द कासों याने १६८९ मध्ये खोदकाम सुरू करवलं. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये इरोक्वा योद्ध्यांनी पहाटे लाशीनवर हल्ला चढवला आणि काम थांबलं. १७०० मध्ये त्याने पुन्हा कंत्राट दिलं, १७०१ मध्ये तो वारला आणि अर्धवट चर तसाच राहिला. पुढची सव्वाशे वर्षं माल गाडीरस्त्यानेच जात राहिला.

मग न्यूयॉर्कवाल्यांनी ईरी कालवा खणायला घेतला. मोठ्या सरोवरांचा सगळा व्यापार आता हडसन नदीकडे वळणार, या धास्तीने मॉन्ट्रियलचे व्यापारी हलले. १८१९ मध्ये त्यांनी कंपनी काढली, पण तिला पैसा पुरला नाही आणि काम सरकारने हाती घेतलं. १७ जुलै १८२१ रोजी व्यापारी जॉन रिचर्डसन यांच्या हस्ते पहिली कुदळ पडली. त्याच वर्षी फरचा व्यापार करणारी नॉर्थ वेस्ट कंपनी हडसन्स बे कंपनीत विलीन झाली आणि फरचा व्यापार उत्तरेला, हडसन उपसागराकडे सरकला. लाशीनचं जुनं जग आवरतं होत असतानाच नवं खणलं जात होतं.

१८२५ मध्ये कालवा पूर्ण झाला. लांबी साधारण १४ किलोमीटर, बोटी चढवणारे-उतरवणारे सात लॉक आणि खोली जेमतेम दीड मीटर. खणणारे बहुतेक आयर्लंडहून आलेले मजूर होते. त्यांच्या हातात कुदळ, फावडं आणि ढकलगाडी, आणि खडक लागला की सुरुंग.

लाशीनहून आता कालव्याकाठानेच शहराकडे निघायचं. वाटेतल्या कोत-सें-पोल लॉकपाशी थांबून एक बोट वर चढताना पाहावी. दोन दगडी भिंतींमधल्या हौदात ती शिरते. मागचे दरवाजे मिटतात. बोटीतली माणसं भिंतीवरून लोंबणारे दोर धरून उभी राहतात. पुढच्या दारांच्या झडपा उघडल्या की वरचं पाणी आत घुसतं, तळातून उकळी फुटल्यासारखं वर येतं आणि भिंतीचे ओले, शेवाळलेले दगड एकेक करून पाण्याखाली जातात. दारांची दोन कवाडं प्रवाहाच्या वरच्या दिशेला टोक करून मिटतात, त्यामुळे वरच्या पाण्याचा रेटाच त्यांना घट्ट आवळून धरतो. दोन्हीकडचं पाणी सारखं झाल्याशिवाय ती उघडतच नाहीत. ज्या पाण्याने बोटी फोडल्या, तेच पाणी इथे बोट उचलून देतं. अशा पायऱ्यांनी सुमारे १४ मीटरचा चढ कापला जातो. उतरताना धाडसी नावाडी रॅपिड्समधूनही जात, पुढे प्रवासी आगबोटीसुद्धा गेल्या. पण वर चढायला दुसरी वाट नव्हती. म्हणून हा कालवा.

दीड मीटर खोली लवकरच अपुरी पडली. १८४३ मध्ये रुंदीकरण निघालं आणि त्याबरोबर या काठाचा सगळ्यांत कडू अध्याय सुरू झाला. कंत्राटदाराने तीन शिलिंगांची रोजी दोनवर आणली. पगाराऐवजी त्याच्याच दुकानात चालणाऱ्या चिठ्ठ्या हातात पडत आणि त्या दुकानात भाव चढे. थंडीत, चिखलात उभ्या राहणाऱ्या आयरिश मजुरांनी काम बंद केलं. उत्तर म्हणून सैन्य आलं. त्याच वर्षी जूनमध्ये वरच्या बोआर्न्वा कालव्यावर सैनिकांनी संपकऱ्यांवर गोळ्या झाडल्या आणि मजूर मारले गेले. कॅनडातल्या कामगार लढ्याच्या इतिहासात या संपांना मानाचं स्थान आहे, आणि ते असायलाच हवं. रोजी कापणाऱ्याच्या दारात सैन्य आणि रोजी मागणाऱ्याच्या अंगावर गोळी, हा न्याय तेव्हाही अन्यायच होता.

१८४८ पर्यंत कालवा रुंद झाला, लॉक सातावरून पाचावर आले. शिवाय पाण्याचा उतार कारखान्यांना भाड्याने मिळू लागला. लॉकशेजारच्या पाण्यावर पिठाच्या गिरण्या, खिळ्यांचे आणि लोखंडाचे कारखाने फिरू लागले. १८५४ मध्ये जॉन रेडपाथ यांनी साखर कारखाना उभारला. त्याची विटांची इमारत आज सें-गाब्रिएल लॉकजवळ उभी आहे, आत राहती घरं झाली आहेत. ग्रिफिनटाउन, पॉइंट-सेंट-चार्ल्स, सें-आंरी या कामगारवस्त्या याच काठाने वाढल्या. कॅनडाच्या कारखानदारीचा पाळणा इथे हलला.

१८८५ मध्ये दुसरं रुंदीकरण पुरं झालं, खोली चार मीटरांवर गेली. पण जहाजं त्याहून वेगाने वाढत होती. १९५९ मध्ये दक्षिण काठाने सेंट लॉरेन्स सीवे हा प्रचंड जलमार्ग सुरू झाला आणि लाशीनचं काम संपलं. १९७० मध्ये तो वाहतुकीला बंद झाला. बंदराकडचा भाग तर आधीच भरून टाकला होता. कारखाने गेले, हजारो कामगारांच्या नोकऱ्या गेल्या, तळाच्या गाळात जड धातू मात्र राहिले. २००२ मध्ये हौशी बोटींसाठी कालवा पुन्हा उघडला. आज काठावर सायकली धावतात, पण या पाण्यात पोहायला मनाई आहे.

जुन्या बंदरापाशी पहिल्या लॉकवर बहुतेक पर्यटकांचा फेरफटका संपतो. माझं म्हणणं असं, की तिथे थांबू नये. नदीपलीकडे मोहॉक लोकांचं कानावाके आहे. रॅपिड्समधून आगबोटी सुखरूप उतरवणारे नामांकित वाटाडे याच गावचे. सीवेसाठी त्यांची १,२०० एकरांहून अधिक जमीन त्यांचा विरोध डावलून घेतली गेली. गाव आणि नदी यांच्यामध्ये जहाजांचा कालवा आला. ज्यांना हे पाणी सर्वांत जास्त कळत होतं, त्यांचाच काठ तुटला.

म्हणून मॉन्ट्रियलला गेलात तर लाशीनचा कालवा जरूर पाहा. तो खरोखर मोठ्या अकलेचं आणि कष्टाचं काम आहे. पण त्याचा हिशेब मांडताना रेडपाथच्या साखरेबरोबर दोन शिलिंगांची रोजीही मांडा, आणि नकाशा उघडाल तेव्हा दक्षिण काठ दुमडून ठेवू नका. नदी चढून जाण्याची किंमत कुणी मोजली, हे त्याशिवाय कळणार नाही.