न घेतलेले पाणी

नगर तालुक्यातले हिवरे बाजार पाहायला येणारा चर, नालाबांध आणि हिरवे डोंगर पाहून जातो. मला त्या गावाचा नकार मोठा वाटतो. शेतीसाठी बोअर घ्यायचा नाही, ऊस-केळी लावायची नाही, असे गावाने ठरवले. पाऊस सरला की ग्रामसभेत पाण्याचा ताळेबंद मांडतात: किती पडले, किती मुरले, माणसांना-गुरांना किती लागेल. उरेल त्यावर रब्बी. १९८९ पासून तत्कालीन सरपंच पोपटराव पवारांनी गाव श्रमदानाला लावले, त्याचे कौतुक व्हायलाच हवे. पण टिकाव मारण्यापेक्षा, पायाखाली पाणी असताना हात आखडता घेणे कितीतरी अवघड.

आपल्या जिल्ह्यात खाली काळा पाषाण. पाणी धरतो तो वरचा मुरूम आणि पाषाणातल्या भेगा. दोनशे फुटांवर लागत नाही म्हणून पाचशे फूट जायचे. तिथे भेग लागलीच तर ती मागच्या कित्येक पावसाळ्यांची शिल्लक असते. शिवाय भेगेला बांध ठाऊक नसतो. एकाच्या बोअरला पाणी लागते आणि शेजारची विहीर तळ गाठते. भांडायचे कुणाशी? १८८२ च्या सुविधाधिकार (इझमेंट) कायद्यापासून जमीन ज्याची, खालचे पाणीही त्याचेच. राज्याच्या २००९ च्या भूजल अधिनियमाने साठ मीटरपेक्षा खोल विहिरींना आवर घालायचे योजले, तरी बोअरच्या गाड्या शिवाराशिवारांतून फिरतातच. पाणाड्याने नारळ फिरवून जागा दाखवायची, उसनवारी करून बोअर घ्यायचा आणि नुसता फुफाटा वर यायचा. त्या शेतकऱ्याला दोष द्यायला माझी जीभ रेटत नाही. त्याची बाग डोळ्यांदेखत वाळत असते.

राग येतो तो शेततळ्यांचा. पावसाचे पाणी साठवायला काढलेल्या तळ्यात प्लॅस्टिक अंथरून बोअरचे पाणी भरायचे, म्हणजे जमिनीने सावलीत जपलेले पाणी चैत्राच्या उन्हात उघडे टाकायचे!

भारत वर्षाला सुमारे २४० अब्ज घनमीटर भूजल उपसतो. अमेरिका आणि चीन मिळूनही इतके उपसत नाहीत. तिकडे कॅन्ससमध्ये मक्याखालचा ओगलाला साठाही असाच खालावत चालला आहे. ‘पाणी अडवा, पाणी जिरवा’ आपण भिंतीभिंतीवर रंगवले, किती उपसायचे ते कुठेच लिहिले नाही.

म्हणून यंदा एवढे तरी करू. गावात पर्जन्यमापक नसेल तर महसूल मंडळाचा आकडा घेऊ, दोरी सोडून पाच-सहा विहिरींची पातळी मोजू आणि हरभरा पेरण्याआधी सगळे ग्रामसभेत बसू.