इन्नंबूरची अक्षरे आणि मामींचा डबा

माझी लेक गेली नऊ वर्षे हॉलंडमध्ये लायडन या गावी राहते. नात तिथलीच, चार वर्षांची. तिकडे चौथ्या वर्षी मुले शाळेत जाऊ लागतात. शाळेत नाव घालण्याआधी तिला एकदा इन्नंबूरला नेऊन आणायचे, असे मी मनाशी ठरवले होते. आमच्या पुण्याच्या शेजारीणबाई मूळच्या तंजावरकडच्या. त्यांच्या तोंडून या गावाचे नाव मी कितीदा तरी ऐकले होते. "मुलाच्या हाती पाटी द्यायच्या आधी तिथे जाऊन यावं," असे त्या नेहमी म्हणत. मागच्या डिसेंबरात लेक सुट्टीवर आली आणि आम्ही तिघी निघालो.

इन्नंबूर हे कुंभकोणमपासून आठेक किलोमीटरवर, स्वामीमलईच्या जवळचे छोटेसे खेडे. मुक्काम कुंभकोणमला, शेजारीणबाईंच्या नणंदेकडे. सत्तरी ओलांडलेल्या या बाईंना सारी आळी 'मामी' म्हणते, म्हणून आम्हीही मामीच म्हणू लागलो. त्यांचे पूर्वज मराठे राजांच्या काळात या मुलखात आले. व्यंकोजीराजांनी 1675 च्या सुमारास तंजावर घेतले आणि भोसल्यांचे हे राज्य 1855 पर्यंत टिकले. राज्य गेले, माणसे राहिली. मामींची मराठी ऐकताना प्रथम गोंधळायला होते. शब्द आपले, काही तर आपल्या पणजीच्या तोंडचे. पण चाल सगळी तमिळ. दोन दिवसांत कान सरावतात, आणि मग ती बोली फार गोड वाटते.

पहिल्याच रात्री फजिती झाली. मामींनी पानावर रसम-भात, केळफुलाची भाजी, पापड असा सुरेख बेत वाढला होता. नातीने एक घास घेतला आणि भोकाड पसरले. "स्टॅम्पॉट हवा! स्टॅम्पॉट!"

माझा चेहरा उतरला. याच शब्दावरून लेकीचे नि माझे बिनसले होते.

लायडनचे भांडे

स्टॅम्पॉट म्हणजे डच लोकांचे थंडीतले रोजचे जेवण. बटाटे आणि एखादी भाजी एकाच भांड्यात उकडायची, दूध-लोणी घालून सगळे कुस्करायचे आणि वर धुरावलेले सॉसेज ठेवायचे. कधी केल नावाची कुरळ्या पानांची भाजी, कधी आंबवलेला कोबी, तर कधी गाजर-कांदा. केल तर कडाक्याचे दव पडल्यावर काढलेली गोड लागते म्हणतात. ताटात या लगद्याच्या मधोमध चमच्याने खळगा करून त्यात रस्सा ओततात. मुलांना तो खळगा फार आवडतो. बांध फोडून रस्सा वाहवण्यात त्यांचे अर्धे जेवण होते.

गाजर-कांद्याच्या प्रकाराला हुत्स्पॉट म्हणतात, आणि लायडनला त्याचा फार अभिमान. 1574 साली स्पॅनिश सैन्याने या गावाला वेढा घातला होता. लोक उपासमारीने मरत होते. शेवटी बंधारे फोडून आसपासच्या जमिनीत पाणी सोडले, मदतीच्या होड्या गावापर्यंत आल्या आणि 3 ऑक्टोबरला वेढा उठला. पळून गेलेल्या सैन्याच्या तळावर एका पोराला कंदमुळे शिजवलेले भांडे सापडले, अशी कथा तिथे सांगतात. आजही दर 3 ऑक्टोबरला सारे गाव हुत्स्पॉट खाते.

दोन वर्षांपूर्वी त्याच दिवशी मी लेकीकडे होते. शेजाऱ्यांनी प्रेमाने भांडे भरून आणून दिले, वर घोड्याच्या नालासारखे वाकवलेले डुकराच्या मांसाचे सॉसेज. लेकीने ते मुलीला वाढले आणि माझा तोल गेला. "आपल्या घरात हे चालतं का? तिला आपलं काही कळणारच नाही मग!" असे मी पाहुण्यांसमोरच बोलून गेले. शब्द त्यांना कळले नाहीत, सूर कळला. लेकीने भांडे झाकून ठेवले. त्यानंतर फोनवर आम्ही हवापाण्याचे बोलत असू, जेवणाचे कधीच नाही.

मामींनी नातीला कडेवर घेतले आणि विचारले, "काय मागते हो ही?" लेकीने सांगितले. सॉसेजचा उल्लेख तिने माझ्याकडे बघत हळूच केला. मामी मांसाहार न करणाऱ्या. पण त्यांनी नाक मुरडले नाही. "म्हणजे बटाटा कुस्करून, मऊ, तिखट नसलेला. एवढंच ना? उद्या बघू," म्हणाल्या. तेवढ्यापुरता नातीला दूधभात मिळाला.

अक्षरे जाणणारा देव

सकाळी निघालो तेव्हा दारोदारी मार्गळी महिन्याच्या मोठमोठ्या रांगोळ्या होत्या. गाव मागे पडले की दोन्ही बाजूंना भातशेती, केळीच्या बागा आणि मधून मधून कावेरीच्या पाण्याचे कालवे. इन्नंबूरचे देऊळ शंकराचे. देवाचे नाव एळुत्तरिनाथर, म्हणजे अक्षरे जाणणारा स्वामी, संस्कृतात अक्षरपुरीश्वर. 'तेवारम्' या तमिळ शैव स्तोत्रांत ज्या देवळांची स्तुती आहे, त्यांतले हे एक.

नावामागची कथा मोठी मजेची आहे. चोळ राजाने देवळाच्या कारभाऱ्याकडे एकदा हिशेब मागितला. बिचाऱ्याचा हिशेब काही जुळेना. त्याने देवाची करुणा भाकली. तेव्हा देवच त्याचे रूप घेऊन राजापुढे गेला आणि चोख हिशेब देऊन आला! अगस्त्य मुनींना इथेच तमिळ व्याकरणाचे ज्ञान मिळाले, असेही सांगतात. म्हणून शाळेत जाणारी मुले, बोलताना अडखळणारी मुले इथे आणतात. मुलांच्या जिभेवर अक्षर लिहिण्याची इथली प्रथा आहे.

देवळात गर्दी नव्हती. दगडी फरशी रात्रीच्या पावसाने गार होती. आमच्या पुढे एक शेतकरी जोडपे मुलाला घेऊन उभे होते. नातीची पाळी आली तेव्हा तिने, न रडता, जीभ पुढे काढली. मग तांदळाच्या तबकात तिचे बोट धरून अक्षर गिरवले. अक्षर अर्थातच तमिळ, 'अ'. मी पुढे होऊन तिच्याकडून शेजारी 'श्री' काढून घेतला. तिला मात्र तिसरे काही हवे होते. तिने आपणहून बोटाने तिच्या नावाचे पहिले रोमन अक्षर काढले. घरी आईने शिकवलेले. मला वाटले, आता गुरुजी रागावणार. ते हसले आणि त्यांनी तिच्या हातावर प्रसाद ठेवला. अक्षरे जाणणाऱ्या देवाला एवढेसे अक्षर का परके असेल?

ओसरीवरचे जेवण

देवळाजवळच मामींच्या ओळखीचे घर होते. त्याच्या ओसरीवर, इकडे तिला तिण्णै म्हणतात, आम्ही टेकलो. मामींनी पितळी डबा उघडला. वरच्या खणात इडल्या आणि खालच्यात पिवळसर, दाटसर, वाफाळते काहीतरी. "हा कडप्पा. कुंभकोणमचा," त्या म्हणाल्या. नातीसाठी त्यांनी मिरची वगळून वेगळा केला होता. तिच्या पानावर तो घालून त्यांनी मधोमध बोटाने खळगा केला आणि त्यात तूप सोडले. खळग्याचे त्यांना कुणी सांगितले, कोण जाणे! रात्री लेकीनेच सांगितले असावे. नातीने बांध फोडला आणि सगळे पान चाटूनपुसून संपवले.

खाता खाता मी मामींना म्हटले, "हे तुमचं पारंपरिक, होय ना?" त्या म्हणाल्या, "पारंपरिक कसलं! बटाटा तरी कुठं आपला होता?" खरेच की! बटाटा आणि मिरची दोन्ही अमेरिका खंडातली, युरोपातल्या व्यापाऱ्यांनी आपल्याकडे आणलेली. इथून साठ-पासष्ट किलोमीटरवरच्या नागपट्टिनमला 1658 पासून 1781 पर्यंत डचांचे ठाणे होते. आणि गंमत म्हणजे 1574 च्या वेढ्यात लायडनच्या त्या भांड्यातही बटाटा नसणार. तो तिकडच्या स्वयंपाकघरात रुळला त्यानंतर बऱ्याच काळाने. ज्या पदार्थावरून मी 'आपले' आणि 'त्यांचे' असे भांडले, त्यातला मुख्य जिन्नस दोघांकडेही पाहुणा म्हणूनच आला होता.

परतल्यावर मामींनी कृती लिहून घेण्यासाठी आपली वही काढली. मला वाचता येईना. अक्षरे तमिळ होती. मामी वाचू लागल्या, तेव्हा कळले की भाषा मराठी आहे! देवनागरी त्यांना लिहिता येत नाही. मराठी त्या आईच्या मांडीवर आणि चुलीपाशी शिकल्या, शाळेत तमिळ. साडेतीनशे वर्षे ही माणसे परमुलखात आहेत, सांबार-रसम खातात, तमिळ अक्षरे लिहितात, आणि तरीही घरात मराठी बोलतात. पानात काय पडले यावरून त्यांची मराठी गेली नाही. मी वहीवरून हात फिरवला आणि लेकीकडे पाहिले.

रात्री अंथरुणावर मी तिला म्हटले, "पुढच्या ऑक्टोबरात मी येते. हुत्स्पॉट मी करीन. सॉसेज तू गरम कर, ते मला जमायचं नाही." ती काही बोलली नाही. नुसती कुशीत शिरली, लहानपणी शिरायची तशी. "पण एक," मी म्हटले, "जेवताना तिच्याशी मराठीत बोलायचं." "बोलतेच गं आई," ती म्हणाली. "भांडी घासताना तिला तुझ्याच गोष्टी सांगते."

कुंभकोणमचा कडप्पा (चौघांसाठी)

साहित्य: मूगडाळ अर्धी वाटी, मध्यम बटाटे 2, कांदा 1, टोमॅटो 1, हळद, मीठ, अर्धे लिंबू, कोथिंबीर. वाटणासाठी: ओले खोबरे अर्धी वाटी, हिरव्या मिरच्या 3-4, डाळे 1 मोठा चमचा, खसखस व बडीशेप प्रत्येकी 1 लहान चमचा, लसूण 4 पाकळ्या. फोडणीसाठी: तेल, दालचिनी, 2 लवंगा, तमालपत्र.

कृती: डाळ हळद घालून मऊ शिजवा. बटाटे उकडून हाताने कुस्करा, थोडे गोळे राहिले तर चालतील. वाटण बारीक वाटा. फोडणीत कांदा, मग टोमॅटो परता. डाळ, बटाटा, वाटण, मीठ व दोन वाट्या पाणी घालून पाच-सात मिनिटे उकळा. खाली उतरवून लिंबू पिळा. इडली-दोशाबरोबर वाढा.

लायडनचा हुत्स्पॉट

एक किलो बटाटे, अर्धा किलो गाजर आणि पाव किलो कांदे चिरून थोड्या मिठाच्या पाण्यात मऊ शिजवा. पाणी काढून टाका. अर्धी वाटी गरम दूध, दोन चमचे लोणी, मिरपूड व किंचित जायफळ घालून रवीने किंवा पावभाजीच्या दाबणीने कुस्करा. सॉसेज घालणार असाल तर ते वेगळ्या गरम पाण्यात ठेवा. पाणी खळखळू दिले तर त्याची साल फुटते. न खाणाऱ्यांनी वर तुपात परतलेला कांदा घालावा. मधोमध खळगा करायला विसरू नका.

कसे जाल? तंजावरहून कुंभकोणम सुमारे 40 किलोमीटर. रेल्वे व बस दोन्ही आहेत. जवळचा विमानतळ तिरुचिरापल्ली. कुंभकोणमहून इन्नंबूरला रिक्षाने किंवा मोटारीने जाता येते. दुपारी देऊळ बंद असते, तेव्हा सकाळीच निघावे.